जुनी स्पोर्ट्स कार: बडोद्यातील झेड-४ घ्यावी की पुण्यातील टीटी?

मांजलपूरकर

नमस्कार. जुन्या गाड्यांचा अनुभव असलेल्या, विशेषतः बडोद्यात राहणाऱ्या सभासदांचा सल्ला हवा आहे.

माझे वय त्रेचाळीस आहे. नंदेसरीच्या एका रासायनिक कारखान्यात नोकरी आहे, घराचे कर्ज दोन वर्षांपूर्वी फिटले, मुलगी अकरावीत आहे, आणि रोजच्या जाण्यायेण्यासाठी घरात एक स्विफ्ट आहे. ती तशीच राहणार आहे. रविवारी पहाटे काढावी, पावागडच्या पायथ्यापर्यंत किंवा द्रुतगती मार्गाने अहमदाबादपर्यंत न्यावी आणि ऊन चढायच्या आत परत आणून झाकून ठेवावी, एवढ्याचसाठी एक दोन दारांची स्पोर्ट्स कार घ्यावी असे फार दिवस मनात आहे. वडिलांच्या मते हे खूळ आहे. पत्नीचे म्हणणे असे की खूळ असायला हरकत नाही, पण त्याचा हिशेब कागदावर दिसला पाहिजे.

सध्या दोन गाड्या नजरेसमोर आहेत. पहिली २०१२ सालची बीएमडब्ल्यू झेड-४, तीन लिटरचे सहा सिलिंडरांचे इंजिन, घडी होणारे पत्र्याचे छप्पर, जीजे-०६ क्रमांक, दोन मालक, मीटरवर ३१,००० किलोमीटर; येथील एका डीलरकडे उभी आहे आणि तो २४ लाख मागतो. दुसरी २०१६ सालची ऑडी टीटी, पुण्याची, एमएच-१२ क्रमांकाची, एकच मालक, ५८,००० किलोमीटर. मालक स्वतः विकत असून २९ लाख म्हणतो. सर्व खर्च धरून माझी मर्यादा ३० लाखांची आहे. झेड-४ पाच लाखांनी स्वस्त, चाललीही निम्मीच, क्रमांक इथलाच, आणि रंग असा की डीलरच्या शेडमधून माझा पाय निघेना. त्यामुळे मनाचा कल तिकडे आहे. नव्या गाडीची जी घसरण पहिल्या चार-पाच वर्षांत होते ती कोणीतरी आधीच सोसलेली आहे, हा जुन्या गाडीचा फायदा मला समजतो. तोटे मात्र मला पुरते दिसत नसावेत अशी शंका आहे.

पान्हा-दहा-बारा

बडोद्यातच गॅरेज चालवतो, म्हणून आधी इथलेच सांगतो. आपण दोन गाड्यांची तुलना किंमत आणि मीटर यांवर केली आहे, पण या शहरात कोणतीही जुनी गाडी घेताना त्याआधी विचारायचा प्रश्न निराळा आहे. ऑगस्ट २०२४ च्या शेवटच्या आठवड्यात ही गाडी कुठे उभी होती?

शहरातून वाहणाऱ्या विश्वामित्री नदीची धोक्याची पातळी २५ फुटांची, आणि त्या आठवड्यात पाणी ३५ फुटांच्या पुढे गेले होते. समा, फतेहगंज, अकोटा, वडसर या भागांत तळमजल्यांत पाणी शिरले आणि ते लगेच उतरलेही नाही. रस्त्यावर मगरी आल्या म्हणून सगळ्यांनी त्यांचे फोटो काढले. तळघरांतल्या पार्किंगमध्ये बुडालेल्या गाड्यांचे फोटो कोणी फारसे काढले नाहीत, आणि नंतर त्यांतल्या बऱ्याच गाड्या धुऊन-पुसून, आसने बदलून बाजारात आल्या. उंच गाडीच्या निम्म्या चाकापर्यंत चढणारे पाणी स्पोर्ट्स कारच्या बैठकीत शिरलेले असते, कारण तिचा तळ जमिनीपासून जेमतेम अर्ध्या वितीवर असतो. इंजिन चालू केले नसेल तर त्याला काहीही होत नाही, गाडी फिरवून पाहताना ती उत्तम पळते, आणि म्हणूनच माणूस फसतो. खरे नुकसान गालिच्याखालून जाणाऱ्या तारांचे आणि त्यांच्या जोडांचे होते. जोडांत हिरवट गंज धरायला महिने लागतात; मग एक दिवस काच खाली जात नाही, दुसऱ्या दिवशी एअरबॅगचा दिवा लागतो, तिसऱ्या दिवशी गाडी सुरूच होत नाही, आणि प्रत्येक वेळी कारण वेगळे सापडते.

तपासणीसाठी यंत्र नंतर लावा, आधी हात लावा. चालकाचा सीटबेल्ट ओढून अगदी शेवटपर्यंत बाहेर काढा; जो भाग कायम गुंडाळलेला असतो तो कोणी धूत नाही, आणि पाण्याची रेघ तिथेच राहते. आसनाच्या रुळांचे बोल्ट पाहा: दहा-बारा वर्षांच्या गाडीतही ते बैठकीच्या आत असल्यामुळे स्वच्छ असले पाहिजेत. दाराजवळची पट्टी काढायला लावून गालिचा उचला आणि त्याखालचा स्पंज दाबा. डिकीचा तळ उघडा आणि कोपऱ्यांतून बोट फिरवा. नदीचा गाळ पिठासारखा बारीक असतो आणि तो धुतल्यानेही कोपऱ्यातून जात नाही. आत सुगंधी फवारा मारलेला असेल तर गाडी बंद करून अर्धा तास उन्हात ठेवा आणि मग दार उघडून वास घ्या.

आता मीटरविषयी. बारा-तेरा वर्षांत ३१,००० किलोमीटर म्हणजे महिन्याला दोनशे. हा आकडा गुण म्हणून सांगितला जातो, पण मला तो ऐकून आनंद होत नाही. उभ्या गाडीचे रबर सुकते, तेलाची गॅस्केटे आखडतात, बॅटरी मरते, टायर एका जागी चपटे होतात. टायरच्या बाजूवर चार आकडे असतात, पहिले दोन आठवड्याचे आणि पुढचे दोन वर्षाचे. १४१५ दिसले तर तो टायर २०१५ च्या एप्रिलमधला आहे, मग त्याची नक्षी कितीही खोल असो. त्यात आता पंपावर मिळणारे साधे पेट्रोल २० टक्के इथेनॉलचे आहे. इथेनॉल हवेतील ओलावा ओढते आणि या गाड्या तेवढ्या प्रमाणासाठी बनलेल्या नाहीत. जी गाडी पावसाळाभर अर्ध्या टाकीवर उभी राहणार, तिच्या बाबतीत हे ध्यानात ठेवावे. निवडक पंपांवर मिळणारे १०० ऑक्टेनचे पेट्रोल बिनइथेनॉलचे असते, पण ते लिटरला दीडशे रुपयांच्या पुढे जाते.

झेड-४ च्या त्या इंजिनाची दुखणी सर्वज्ञात आहेत. उच्च दाबाच्या इंधन पंपासाठी २०१० मध्ये अमेरिकेत हजारो गाड्या परत बोलावल्या गेल्या होत्या. विजेवर चालणारा पाण्याचा पंप पूर्वसूचना न देता बंद पडतो. तेलाच्या फिल्टरच्या बुडाशी असलेले गॅस्केट गळते. आणि इंधन थेट सिलिंडरात जात असल्यामुळे झडपांवर काजळी साठते. छप्पर तीनदा उघडून तीनदा मिटवायला लावा, आणि त्यातले एकदा गाडी उन्हात तापल्यानंतर. टीटीची दुखणी तुलनेने सौम्य आहेत: पाण्याच्या पंपाचे प्लास्टिकचे घर गळते, चारही चाकांना ताकद देणाऱ्या यंत्रणेचे तेल व जाळी वेळेवर बदलावी लागते, आणि गिअरबॉक्सचे तेल व फिल्टर ६०,००० किलोमीटरवर बदलायचे असते. आपली टीटी ५८,००० वर आहे, म्हणजे ते काम आपल्याच गळ्यात पडणार. किमतीत तेवढे कापून घ्या.

इंजिन चांगले की वाईट हे मी न पाहता सांगणार नाही. ताकद आणि आवाज यांत झेड-४ पुष्कळ पुढे आहे, ३०६ अश्वशक्ती विरुद्ध २३०, हेही खरे.

निवृत्त सर्वेक्षक

वरील सदस्याने गाडीच्या अंगाविषयी लिहिले; मी तिच्या कागदांविषयी लिहितो, कारण विमा दाव्यांची तपासणी करण्यात माझी तीस वर्षे गेली.

डीलरकडे सध्याची नव्हे, तर मागील तीन वर्षांच्या विमा पॉलिसी मागाव्यात. पॉलिसीवर नो क्लेम बोनसची, म्हणजे हप्त्यातील सवलतीची, टक्केवारी छापलेली असते. दावा न करणाऱ्याचा बोनस २० टक्क्यांपासून पायरीपायरीने ५० टक्क्यांपर्यंत चढतो, आणि स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा दावा केला की शून्यावर येतो. एका वर्षी ५० आणि पुढच्या वर्षी शून्य दिसले, तर मधल्या काळात काहीतरी घडले आहे. मालक बदलला तरीही तो शून्य होतो, कारण बोनस माणसाचा असतो, गाडीचा नव्हे. म्हणून आरसीच्या नोंदीत दुसऱ्या मालकाचे नाव कोणत्या तारखेला चढले हेही पाहावे. ती तारीख २०२४ च्या पावसाळ्यानंतर लगेचची असेल, तर पहिल्या मालकाने गाडी नेमकी तेव्हाच का विकली याचे उत्तर मिळाल्याशिवाय इसार देऊ नये. पुरात पूर्ण हानी ठरलेल्या गाड्यांचे अवशेष लिलावात विकले जातात, आणि त्या विकत घेणारे लोक त्या भंगारात घालण्यासाठी घेत नाहीत.

दुसरी गोष्ट आपल्या लक्षात आलेली दिसत नाही. २०१२ च्या गाडीची नोंदणी २०२७ मध्ये पंधरा वर्षांची होईल. त्यानंतर योग्यता तपासणी करून दर पाच वर्षांनी नूतनीकरण करावे लागते, आणि आयात केलेल्या मोटारीच्या पहिल्या नूतनीकरणाचे शुल्क १ एप्रिल २०२२ पासून ४०,००० रुपये आहे, जेथे देशी मोटारीला ५,००० पडतात. शुल्काहून मोठा भाग पुनर्विक्रीचा आहे: पंधरा वर्षांच्या उंबरठ्यावरची गाडी विकायला निघालात तर घेणारा हेच कारण पुढे करून भाव पाडेल. डीलरने सांगितलेल्या २४ लाखांत हे धरलेले नाही.

पुण्याच्या गाडीचे काम लांबते, पण ते सरळ आहे. पुण्याच्या आरटीओकडून फॉर्म २८ वर ना-हरकत, मालकी बदलासाठी फॉर्म २९ आणि ३०, कर्ज असेल तर बँकेचे पत्र व फॉर्म ३५, आणि मग बडोद्याच्या आरटीओच्या दरजीपुऱ्यातील कार्यालयात फॉर्म २७ वर नवा क्रमांक. परराज्यातील क्रमांकावर बारा महिन्यांहून अधिक काळ गाडी ठेवता येत नाही. गुजरातचा कर येथे भरावा लागतो आणि महाराष्ट्रातील उरलेल्या काळाचा परतावा तेथे मागावा लागतो; तो परतावा ज्याच्या नावावर कर भरला त्याच्या हातून मागवावा लागत असल्याने, मालकाशी व्यवहार करतानाच त्याच्या सह्या घेऊन ठेवणे शहाणपणाचे. कराचा नक्की आकडा गाडीचे मूळ बिल दाखवून दरजीपुऱ्यातच काढून घ्यावा, एजंटाच्या अंदाजावर जाऊ नये.

विम्यात एक फट आहे. मालकी बदलताच तृतीय पक्षाचे संरक्षण कायद्याने आपोआप आपल्याकडे येते, पण स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचे येत नाही. त्यासाठी चौदा दिवसांत पॉलिसी आपल्या नावावर करून घ्यावी लागते. पाच वर्षांपुढील गाडीचे विमामूल्य परस्परसंमतीने ठरते. शून्य घसाऱ्याचे कलम एवढ्या जुन्या गाडीला बहुधा मिळत नाही, आणि ते नसेल तर प्लास्टिकच्या प्रत्येक भागावर निम्मी रक्कम कापली जाते. या गाड्यांचा पुढचा बंपर प्लास्टिकचाच असतो आणि सर्वांत आधी तोच फुटतो. दीड लिटरहून मोठ्या इंजिनाचा तृतीय पक्ष हप्ता २०२२ पासून वर्षाला ७,८९७ रुपये आहे. तो दोन्ही गाड्यांना सारखाच.

अजव्याची सकाळ

मी चार वर्षे एक जर्मन दोन आसनी गाडी बाळगली आणि गेल्या वर्षी विकली. २१ लाखांना घेतली, साडेपंधराला गेली. त्या चार वर्षांत ती १४,००० किलोमीटर चालली, आणि विमा, टायर, दोन मोठी कामे आणि नियमित देखभाल मिळून वर्षाला सरासरी पावणेदोन लाख खर्च झाला. पेट्रोल यात नाही. म्हणजे घसारा आणि खर्च एकत्र केले तर प्रत्येक किलोमीटर मला नव्वद रुपयांच्या आसपास पडला. हा कागद पत्नीला दाखवायचा असेल तर मी आनंदाने पाठवतो; माझ्या पत्नीने तो फ्रिजवर लावला होता.

पैशांपेक्षा मला वाट पाहण्याचा त्रास अधिक झाला. पाण्याची एक साधी नळी फुटली. ती भारतात कुठेच शिल्लक नव्हती, आणि परदेशातून येईपर्यंत गाडी पाच आठवडे प्रतापनगरच्या एका गॅरेजमध्ये चिंचेच्या झाडाखाली उभी राहिली. त्या पाच आठवड्यांत पक्ष्यांनी तिच्या रंगाचे जे केले त्याचे वेगळे बिल झाले. म्हणून ३० लाखांची मर्यादा असेल तर गाडी पंचवीस-सव्वीसच्या वर जाऊ नये आणि उरलेले पैसे पहिल्या वर्षासाठी बाजूला असावेत, असे मला वाटते.

रोजच्या काही गोष्टी जाहिरातीत नसतात. आमच्या सोसायटीचा उतार तीव्र असल्यामुळे गाडीचे नाक घासत असे; सुताराकडून फूटभर रुंदीच्या दोन फळ्या करून मी त्या डिकीत ठेवत असे, आणि दर रविवारी पहाटे साडेपाचला पहारेकरी त्या उतारावर लावायचा. दांडिया बाजाराच्या गर्दीत वडिलोपार्जित घरी मी ही गाडी चार वर्षांत एकदाच नेली. घडीचे छप्पर घ्यायचे असेल तर लक्षात ठेवा की मार्चपासून ऑक्टोबरपर्यंत ते उघडण्याची इच्छा आपोआप मरते, उघडल्यावर डिकीत जेमतेम एक पिशवी मावते, आणि जानेवारीत उत्तरायणाच्या आगेमागे ते उघडून मुळीच निघू नये. पतंगाचा मांजा दिसत नाही. माझ्या विंडस्क्रीनच्या चौकटीवर त्याचा एक बारीक चरा होता. तो तिथे नसता तर माझ्या कपाळावर असता.

आता दुसरी बाजू. वडील तेव्हा शहात्तर वर्षांचे होते आणि गाडीला सतत नावे ठेवत. एका डिसेंबरच्या सकाळी त्यांना अजव्याला घेऊन गेलो, छप्पर उघडे, त्यांच्या डोक्याला मफलर. तलावाच्या बांधापर्यंत ते काही बोलले नाहीत. पोहोचल्यावर त्यांना दोन्ही हातांनी धरून आसनातून वर ओढून काढावे लागले, कारण ती बैठक इतकी खाली असते की गुडघे दुखणारा माणूस स्वतः उठू शकत नाही. चहा झाल्यावर त्यांनी विचारले, परत जाताना लांबचा रस्ता आहे का? या एका प्रश्नासाठी मी नव्वद रुपये किलोमीटर दिले असे म्हटले तरी चालेल. तरीही पुन्हा घ्यायची झाली तर मी घडीच्या छपराची घेणार नाही, आणि ज्या गाडीची प्रत्येक सर्व्हिसची पावती नाही तिच्याकडे बघणारही नाही.

द्रुतगती मार्गाविषयी एवढेच की ९३ किलोमीटरचा तो रस्ता सरळ आहे आणि मर्यादा ताशी १०० ची आहे. ती मर्यादा स्विफ्टही गाठते.

चार दारे

प्रश्नाबाहेर जातो, क्षमस्व. घरात अकरावीतली मुलगी आहे आणि गाडीत दोनच माणसे बसणार, तर प्रत्येक रविवारी कोणीतरी मागे राहणार. २०२० मध्ये स्कोडाने ऑक्टाव्हिया आरएस २४५ च्या केवळ २०० गाड्या भारतात आणल्या होत्या, तेव्हा ३६ लाखांना. ताकद टीटीहून थोडी जास्तच आहे, चार दारे आहेत आणि डिकीत गणपतीही मावतो. विकायला क्वचित निघते, पण शोधावी.

मांजलपूरकर

सर्वांचे आभार. आठवडाभर लिहिले नाही, कारण आधी झेड-४ पाहून यायचे ठरवले.

डीलरने गाडी पुन्हा चकचकीत करून ठेवली होती. मी आत बसलो आणि बेल्ट ओढत गेलो. शेवटच्या वीतभर भागावर फिकट तपकिरी रेघ होती, आणि तिच्याखालचा पट्टा वरच्यापेक्षा कडक लागत होता. डीलर म्हणाला, कोणाचा तरी चहा सांडला असेल. मग मी शेजारच्या आसनाचा बेल्ट ओढला. तिथेही चहा सांडला होता, नेमक्या तेवढ्याच उंचीवर. डिकीचा गालिचा मी उचलला नाही. डीलरनेच दोन पावले मागे जाऊन फोन काढला आणि २१ लाख म्हणाला. आरसीवर दुसऱ्या मालकाची नोंद नोव्हेंबर २०२४ ची निघाली. मागील पॉलिसी मागितल्या तर त्या ‘शोधून पाठवतो’ असे उत्तर आहे.

पुण्याच्या मालकाने मात्र सर्व्हिसच्या नऊ पावत्यांचे फोटो मागितल्याच्या तासाभरात पाठवले, आणि गिअरबॉक्सचे तेल बदललेले नाही हे मी विचारण्यापूर्वीच सांगितले. २७ वर बोलणे आले आहे. शनिवारी तेथील एका स्वतंत्र गॅरेजमध्ये गाडी लिफ्टवर चढवून दाखवायला तो तयार आहे. ऑक्टाव्हिया शोधली, मिळाली नाही, पण तो मुद्दा मुलीने वाचला असून तिने मला माफ केलेले नाही. टीटीत मागे दोन आसने आहेत हे तिला सांगितले, आणि त्यांचा फोटो पाहून तिने त्यांना दप्तराची जागा म्हटले.

एकच विचारायचे राहिले. व्यवहार झाला तर गाडी पुण्याहून चालवत आणावी की ट्रकवर? टायरवर २९१८ आहे, चारही चाकांवर.

पान्हा-दहा-बारा

म्हणजे जुलै २०१८ चे. त्या टायरांवर द्रुतगती मार्ग धरू नका. पुण्यातच चारही नवे घाला, त्याचे पैसे २७ मधून मागा, पॉलिसी नावावर झाल्याचा कागद हातात घ्या आणि मग चालवत आणा. पैसे द्यायला तो तयार नसेल तर ट्रक. आणि बेल्ट तिथेही ओढून पाहा.